राहीबाईचा उजवा हात

१

दुपारचं जेवण झालं की मी मागच्या खोलीची खिडकी लावून घ्यायचो, तिच्यावर जुनं घोंगडं टाकायचो आणि टेबलाशी बसायचो. टेबलावर दोन चाकं आणि त्यांच्या मधोमध पोस्टकार्डाएवढा उजेडाचा पडदा. चाकाचं हँडल हाताने फिरवलं की फिल्म सरकते आणि पडद्यावरची माणसं हलतात. उलटं फिरवलं की ती उलटी चालतात, आणि हात थांबवला की जागच्या जागी थांबतात. नको तो तुकडा कापायचा, हवा तो चिकटवायचा आणि पुन्हा फिरवून पाहायचं. भिंगारमध्ये माझ्या या उद्योगाला काय म्हणायचं हे कुणालाच ठाऊक नव्हतं. शेजारपाजारचे विचारायचे, "कृपादानराव, लग्नाचे फोटो काढाल का?" आणि मला राग यायचा.

माझी बायको लिडिया शाळेत शिकवायची, तिच्या पगारावर आमचं आणि मुलांचं घर चाललं होतं. मी प्रायोगिक चित्रपट करत होतो, आणि हे वाक्य मी मान ताठ करून म्हणायचो.

माझा विषय मोठा होता. यंत्र आलं की माणसाच्या शरीराचं काय होतं? हात रिकामे होतात, आणि रिकाम्या हातांना जुनी हालचाल आठवत राहते. असं काहीतरी मी वहीत लिहिलं होतं आणि चार लोकांना वाचूनही दाखवलं होतं. टेलिफोन एक्स्चेंजमधल्या मुलींची बोटं घेतली, लेथवरच्या माणसाचा खांदा घेतला. मग तिसगावला सूर्यभानच्या पिठाच्या गिरणीवर गेलो. वीज आल्यापासून गावाचं दळण तिथेच. बायका डबे घेऊन रांगेत उभ्या होत्या. गिरणीचा पट्टा, उडणारं पीठ, डबे धरून थांबलेले हात, सगळं छान मिळालं. फक्त ती जुनी हालचाल तेवढी हवी होती.

"राहीबाईकडं जातं हाय अजून," सूर्यभान म्हणाला. "गिरणी बंद आसली तर दळती कवा कवा."

२

राहीबाई पन्नाशीची, काटक बाई. त्या साली पाऊस असा झालाच नव्हता. अर्धं गाव खडी फोडायला जात होतं आणि तीही जायची. मी गेलो त्या दिवशी तिने माझ्यासाठी खाडा केला. घर धाब्याचं होतं. आतल्या खोलीत छताच्या भोकातून उन्हाचा एकच झोत खाली येत होता आणि तो बरोबर जात्यावर पडत होता. असा उजेड मागून मिळत नाही. मी टेपरेकॉर्डर कोपऱ्यात ठेवला आणि कॅमेरा तिच्या पाठीमागे लावला, म्हणजे पाठ, उजवा हात आणि जातं एवढंच दिसेल. चेहरा मला नको होता. चेहरा आला की माणसं गोष्ट शोधायला लागतात.

तिची सून मुक्ताबाई सुपात बाजरी घेऊन आली. सुपाचा तळ दिसत होता.

"दाणे नकोत," मी म्हणालो. "पीठ उडतं, भिंगावर बसतं. नुसतं फिरवा. मला दगडावर दगडाचा आवाज हवाय."

राहीबाईने मान हलवली. "रिकामं जातं फिरवत न्हाईत, सायेब."

"का?"

"न्हाई फिरवत."

मला हे नवीन नव्हतं. माझी आई रोज बायबल वाचणारी बाई, पण लहानपणी मी एकदा रिकाम्या जात्याचा खुंटा धरून खेळलो तेव्हा तिने माझ्या पाठीत असा धपाटा घातला होता की मी दिवसभर रडलो. का, ते तिनेही सांगितलं नव्हतं. मी मात्र पुण्याला शिकून आलेला माणूस. मी हसलो. मुक्ताबाईने मूठभर बाजरी उचलून जात्यात घालायला हात पुढे केला, तर मी तो हात अडवला आणि म्हणालो, "अहो, दुष्काळात धान्य वाया कशाला घालवायचं?"

मुक्ताबाईने मूठ पुन्हा सुपात सोडली. मी त्यांच्याच गरिबीचा त्यांच्यावर वापर केला आणि मला तेव्हा ते हुशारीचं वाटलं.

"पावण्याला न्हाई कसं म्हनायचं," राहीबाई सुनेला म्हणाली आणि बसली.

कॅमेऱ्याची चावी उतरेपर्यंत तिने जातं फिरवलं. दळतानाची घरघर आपल्याला माहीत असते. हा आवाज तसा नव्हता. कोरडा, वर वर चढत जाणारा, दातांत कळ आणणारा. मी 'बास' म्हटलं तेव्हा तिने खुंटा सोडला आणि आपला तळवा उलटासुलटा करून पाहिला.

३

तो तुकडा माझ्या फिल्ममधला सगळ्यात चांगला निघाला. यात मला आजही शंका नाही.

कापताना एखादा तुकडा पुन्हा पुन्हा बघावाच लागतो. पण खरं सांगायचं तर हा मी कामापेक्षा जास्त बघितला. जेवण झालं की बसायचो आणि आधी तोच लावायचो. राहीबाईचा हात पुढे जायचा, वळायचा, मागे यायचा. मी उलटं फिरवायचो, ती उलटं दळायची. सावकाश फिरवायचो, मग जोरात फिरवायचो. रविवारी लिडियाचे दोन सहकारी चहाला आले, तर त्यांना मागच्या खोलीत नेऊन मी तासभर हीच करामत दाखवली. त्यांनी 'वा' म्हटलं की आणखी एकदा.

"बाईचा हात दुखला असेल हो," लिडिया दारातून म्हणाली.

"मिनिटभराचं तर काम होतं," मी म्हणालो. आम्ही सगळे हसलो.

त्याच आठवड्यात फिल्म कापून झाली. मुंबईच्या लॅबला निगेटिव्ह गेलं, पहिली प्रत निघणार होती, ती तिथली सरकारी फिल्म खात्याची मंडळी पाहणार होती. माझ्याजवळ कामाची कॉपी, म्हणजे मी कापत होतो ती, राहिली. लिडियाने आग्रह धरला की त्या बाईला निदान तिचा एक फोटो नेऊन द्या. म्हणून मी एसटीने पुन्हा तिसगावला गेलो.

४

राहीबाई ओट्यावर बसली होती. उजव्या हाताला लुगड्याची चिंधी गुंडाळलेली. मी फोटो पुढे केला. तिने डाव्या हाताने घेतला, पाहिला आणि पालथा घालून बाजूला ठेवला.

"हाताला काय झालं?"

उत्तर मुक्ताबाईने दिलं, तेही माझ्याकडे न बघता. "आत्याबाईंचा हात फिरतोय. दुपारचा. आपला आपून फिरतोय. खडीवर हातोडा सुटला हातातनं, शेजारनीच्या पायावर पडायचा ऱ्हायला. मुकादम म्हनला, उद्यापसनं येऊ नगा."

"डॉक्टरला दाखवलं का?"

"त्येनी सुई दिली. म्हनला, वारं हाय."

मग राहीबाई हळूच बोलली. आवाजात तक्रार नव्हती, उलट माझी अडचण होऊ नये अशी काळजी होती. "सायेब, रविवारी लई फिरवलंत."

मी पालथा फोटो उचलून सरळ करून ठेवला.

"आन् उलटं फिरवू नगा तेवढं. सुलटं चालंल. उलटं फिरवलं का खांद्यात कळ येती."

मी उन्हातून ओट्याच्या सावलीत सरकलो. मग डोकं चालायला लागलं. मागच्या खेपेला गिरणीवर चहा पिताना मी सूर्यभानपुढे फुशारक्या मारल्या होत्या. माझ्या टेबलावर माणसं उलटी चालतात, मी थांबवली की थांबतात, असं सांगितलं होतं ना? सांगितलं होतं. ते गावभर झालं असणार. बाईने मनाला लावून घेतलं, रिकाम्या जात्याची धास्ती होतीच, आणि हाताला खरोखरच वारं आलेलं. रविवार काय, कुणीही म्हणेल. हे सगळं एसटीत बसेपर्यंत मी इतकं नीट जुळवलं की घाट उतरताना मला डुलकी लागली.

५

पण नंतरच्या दुपारी मी टेबलाशी बसलो आणि हात हँडलकडे जाईना.

मला त्या बाईची कीव आली म्हणून नव्हे. मला बघायचं होतं. खरंच असेल तर? माझा विषय, माझं वहीतलं वाक्य खरंच असं कुणाच्या अंगात शिरलं असेल तर? भीती होती आणि त्या भीतीखाली एक घाणेरडी खुशी होती.

मी लिडियाला सांगितलं, "मी तिसगावला जाऊन त्या बाईजवळ बसतो. शाळेतून आलीस की तू तो तुकडा लाव. सुलट फिरव, उलट फिरव, मध्ये थांब, तुला वाटेल तसं कर. काय केलंस ते मला आधी सांगू नकोस."

"आणि खरंच झालं तर?"

"म्हणून तर बघायचं."

"अहो, खरंच झालं तर त्या बाईला दुखेल."

"एकदाच, लिडिया."

तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं. लग्नाला नऊ वर्षं झाली होती, पण तिने मला असं कधी पाहिलं नव्हतं. मग म्हणाली, "एकदाच."

६

मी पोचलो तेव्हा राहीबाई ओट्यावर बाजरी निवडत होती. येण्याचं कारण मी खोटंच सांगितलं. औषधाची बाटली आणली होती, ती दिली. तिने मुक्ताबाईला चहा टाकायला लावला. गूळ उसना आणला, ते मला दिसलं आणि मी तो चहा प्यायलो.

"जातं उचकटून ठेवलंय," मुक्ताबाई म्हणाली. "वरची तळी काढून भितीला लावली. बघा पायजे तर."

मी आत डोकावलो. खालचा दगड जमिनीत, त्याची मधली खीळ उघडी, आणि वरचा दगड भिंतीला टेकवलेला. मी ओट्यावर परत आलो. शाळा सुटायची वेळ होऊन गेली. लिडिया घरी पोचली असेल, कुलूप काढलं असेल. गिरणीचा आवाज लांबून येत होता. मग वीज गेली असावी, कारण तो आवाज थांबला.

राहीबाईने सुपातला खडा वेचला. तो टाकायला उचललेला हात परत खाली आला नाही. तो छातीशी आला, बोटं कशावर तरी मिटली, आणि हात पुढे गेला, वळला, मागे आला. सूप मांडीवरून घरंगळलं. मुक्ताबाईने ते पटकन धरलं. तिला ते सवयीचं झालं होतं हे बघून मला जास्त भीती वाटली.

हात फिरत होता. राहीबाई माझ्याकडे बघत नव्हती. तिने डाव्या हाताने पदर डोक्यावरून पुढे ओढून घेतला. परक्या पुरुषासमोर अंग आपल्या ताब्यात नाही, याची तिला लाज वाटत होती. ती लाज तिची नव्हती, माझी होती. मी ती घेतली नाही, नुसता बसून राहिलो.

मग आतून आवाज आला. दगडावर दगड. कोरडा, चढत जाणारा.

"आत कोण आहे?" मी विचारलं.

"कोन न्हाई," मुक्ताबाई म्हणाली. "तुमी जाऊ नगा."

मी उठलो. वरचा दगड अजून भिंतीलाच टेकलेला होता, हे मी आधी पाहिलं. मुद्दाम पाहिलं. छताच्या भोकातून उजेड येत होता. आणि त्या उजेडात, जात्याशी, माझ्याकडे पाठ करून एक बाई बसली होती.

राहीबाईचं लुगडं हिरवं होतं. हिच्या लुगड्याला रंग नव्हता. हाताला रंग नव्हता, बांगड्यांना नव्हता. भिंतीची माती तांबूस, भोकातलं आभाळ निळं, आणि मधोमध तेवढी एक बाई राखाडी. हात पुढे जायचा, वळायचा, मागे यायचा. मधेच ती थांबली, हात अर्ध्यावर, आणि पदराचं सुटलेलं टोकही हवेत थांबलं. मग हात उलटा फिरू लागला. बाहेर राहीबाई कण्हली.

मी किती वेळ उभा होतो सांगता येत नाही. मी घेतलेल्या तुकड्यात शेवटपर्यंत पाठच आहे, तेवढं मला पक्कं ठाऊक होतं. फिल्मची प्रत्येक चौकट मला तोंडपाठ होती. तर त्या बाईचा खांदा हलला, मान वळू लागली आणि कानामागचे केस दिसले. ते फिल्ममध्ये नाही. ते मी घेतलेलंच नाही.

मी मागच्या मागे बाहेर आलो आणि ओट्यावरून खाली पडलो.

७

"आधी सुलट," लिडिया म्हणाली. "मग थांबले. मग उलट, थोडंसंच. मग मला रडायला आलं आणि मी दिवा बंद केला. फिल्म डब्यात ठेवली."

"लगेच बंद केलास?"

"लगेच."

मी तिसगावातून निघालो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं, आणि राहीबाईचा हात तेव्हाही फिरत होता. सुलटा, एका चालीत, न थांबता. मी खूप वेळ हिशेब करत बसलो. डबा बंद होता. आमच्या घरात कुणी फिरवत नव्हतं. मग ध्यानात आलं की मुंबईत पहिली प्रत निघाली असणार आणि कुठल्यातरी गार खोलीत चार जाणकार माणसं माझी फिल्म बघत असणार. तिथे चाक मोटर फिरवते, माणसाचा हात लागत नाही.

लिडियाने कामाची कॉपी न विचारता चुलीत घातली. मी तिला अडवलं नाही. त्याने काही होणार नाही हे दोघांनाही कळत होतं.

दोन दिवसांनी मुंबईहून तार आली. फिल्म सगळ्यांना अतिशय आवडली होती. विशेषतः जात्याचा तुकडा. गावोगाव फिरून फिल्म दाखवणाऱ्या सरकारी गाड्यांसाठी भरपूर प्रती काढायचा विचार होता, फक्त माझी संमती हवी होती.

"नाही म्हणून कळवा," लिडिया म्हणाली. "आत्ताच्या आत्ता जा."

मी पोस्टात गेलो. रांगेत उभा राहिलो. तारेच्या कागदावर 'परवानगी नाही' असं लिहिलं. पुढचा माणूस सरकला, मग त्याच्या पुढचा सरकला. मी विचार करत होतो की चौतीस वर्षांत माझ्या कामाला कुणी 'अतिशय आवडलं' म्हटलेलं नव्हतं. विचार करत होतो की फिल्म थांबवली तरी बाईचा हात थांबेल असं कशावरून, डॉक्टर वारंच म्हणाला होता. खिडकीशी पोचेपर्यंत माझ्या हातात दुसरा कागद होता. त्यावर लिहिलं होतं, 'आभारी आहे, संमती आहे.'

घरी आलो तेव्हा लिडियाने एकदा वर पाहिलं. माझ्या तोंडावर सगळं होतं. त्या रात्रीपासून ती मुलांच्या खोलीत झोपते.

८

दोन-तीन महिन्यांनी एका बाजारच्या दिवशी मी तिसगावला गेलो. कशासाठी गेलो ते मलाही नीट माहीत नाही. सांगून टाकावं, पाय धरावेत, असं काहीतरी मनात होतं. सोबत पायलीभर बाजरी घेतली होती. ती मुक्ताबाईने घेतली आणि आत नेऊन ठेवली.

राहीबाई ओट्यावरच होती. दंड वाळला होता. आता तिला उठून कुठे जाता येत नव्हतं, कारण हात कधी सुरू होईल याचा नेम नव्हता. दुपारचंच असं काही राहिलं नव्हतं. तळव्याला आतून चिंधी बांधली होती आणि ती ओली दिसत होती.

"बसा," ती म्हणाली.

मी बसलो. सांगायला तोंड उघडलं आणि म्हणालो, "पाऊस येईल यंदा."

"व्हय, यील की." मग ती थोडी पुढे झुकली. सुनेला ऐकू जाऊ नये असं बोलली. "सायेब, येक इचारू का? रागवू नगा. त्ये लोक बघत्यात, त्येनला आवडतं का?"

मला वाटलं होतं ती रडेल, शिव्या देईल, शाप देईल. त्यातलं कशालाही मी तयार होतो.

"आवडतं," मी म्हणालो.

"चांगलं म्हनत्यात?"

"फार चांगलं म्हणतात."

"माझं तोंड दिसत न्हाई ना त्यात?"

"नाही," मी म्हणालो, आणि मला ती वळत जाणारी मान आठवली.

"मंग हुंदे," ती म्हणाली. "तोंड दिसत न्हाई तर हुंदे."

तेवढ्यात तिची बोटं मिटली. तिने पदर पुढे ओढला. हात पुढे गेला, वळला, मागे आला. कुठेतरी एखाद्या गावात अंधार पडेपर्यंत थांबायचा धीर नसलेल्या लोकांनी शाळेच्या खोलीत पडदा लावला असेल. आतून दगडाचा आवाज सुरू झाला, आणि मुक्ताबाई मोठमोठ्याने भांडी घासायला लागली.

मी तिचा हात धरायला हवा होता. निदान धरून बघायला हवा होता. मी एक पाऊल मागे सरकलो, मग डावीकडे झालो, थोडा खाली वाकलो. ओट्यावर तिरपं ऊन येत होतं आणि हात वळताना चिंधीची कड त्यात चमकून जात होती. मी तिथून पाहत होतो, कारण तिथून ते जास्त चांगलं दिसत होतं.